व्ही. के. मूर्तींची 'स्टाईल' कशात होती, आणि चोपड्याच्या पोराने तिच्यातून काय उचलावं

प्रश्न चोपड्याकडच्या एका पोराचा आहे. शिक्षण झालंय, लग्नाच्या ऑर्डरी घेतो, सीझन नसला की अहिराणी अल्बमची गाणी शूट करतो, आणि मध्यंतरी 'कागज के फूल' बघितला तेव्हापासून डोक्यात किडा शिरलाय. विचारतोय की गुरुदत्तचे कॅमेरामन व्ही. के. मूर्ती एवढे मोठे का मानतात, ही जी सगळे 'व्हिज्युअल स्टाईल' म्हणतात ती येते कुठून, आणि त्या लायनीत जायचं तर कॅमेरा कोणता घ्यावा, सोनीचा एफएक्स थ्री पुरेल का.

कॅमेऱ्याचं शेवटी बोलू. मी मूळ जळगावचा, फिल्मच्या जमान्यात मुंबईत कॅमेरा असिस्टंट म्हणून लागलो, मग सिरियली, जाहिराती, काही मराठी सिनेमे डीओपी, म्हणजे मुख्य कॅमेरामन, म्हणून केले, आता निम्मा वेळ इकडेच असतो. त्यामुळे उत्तर सेटवरचं आहे, पुस्तकातलं नाही, आणि लांबणार आहे.

आधी मूर्ती. म्हैसूरचा माणूस, जन्म १९२३ चा. व्हायोलिन वाजवायचे, बंगळूरच्या पॉलिटेक्निकमधून सिनेमॅटोग्राफीचा डिप्लोमा केला आणि मुंबईला आले. आले म्हणजे लगेच कॅमेरामन झाले असं नाही, फली मिस्त्रींसारख्या त्या काळच्या बड्या कॅमेरामनच्या हाताखाली असिस्टंटगिरी केली. गुरुदत्तच्या १९५१ च्या 'बाझी'चे कॅमेरामन व्ही. रात्रा होते आणि मूर्ती त्यांचे असिस्टंट. तिथे एक अवघड शॉट मूर्तींनी सुचवला, करूनही दाखवला, गुरुदत्तच्या ते लक्षात राहिलं आणि पुढचा सिनेमा 'जाल' त्याने मूर्तींना दिला. तिथून 'आर पार', 'मिस्टर अँड मिसेस ५५', 'प्यासा', 'कागज के फूल', 'साहिब बीबी और गुलाम' असं दहा वर्षांचं काम झालं. शेवटच्या दोघांसाठी फिल्मफेअर मिळालं, आणि २००८ सालचा दादासाहेब फाळके पुरस्कार मिळाला, तो मिळवणारे ते पहिले कॅमेरामन. म्हणजे ज्या धंद्याची सुरुवातच आपल्या मराठी माणसांनी केली, १९१३ च्या 'राजा हरिश्चंद्र'वर कॅमेरा फिरवणारे त्र्यंबक तेलंग होते, त्या धंद्यातल्या माणसाला फाळक्यांच्या नावाचा पुरस्कार मिळायला एवढी वर्षं लागली. असो, कॅमेरामनची सवय असते मागे उभं राहायची.

आता तो उजेडाचा झोत, ज्याच्यामुळे तुझ्या डोक्यात किडा शिरला. 'वक्त ने किया' गाण्यात रिकामा स्टुडिओ आहे, वहिदा एका टोकाला, गुरुदत्त दुसऱ्या टोकाला, आणि वरून तिरका एक जाड झोत खाली पडतोय, धुळीने भरलेला. सगळे म्हणतात वा काय लाईट मारलाय. खरं तर तो लाईट मारलेलाच नाही, ते ऊन आहे. मूर्तींनी दोन मोठे आरसे लावले, एक बाहेर उन्हात आणि एक आत उंचावर, बाहेरच्याने ऊन आतल्यावर फेकायचं आणि आतल्याने खाली.

एवढा उपद्व्याप का केला हे समजून घे, कारण स्टाईलचं मूळ इथे आहे. स्टुडिओतला कुठलाही दिवा जवळ असतो, त्याचा उजेड पसरत जातो आणि पसरताना पातळ होतो. दिव्यापासून १० फुटांवर जेवढा उजेड आहे, २० फुटांवर त्याच्या चौथाई राहतो, म्हणजे दोन स्टॉप गेले (एक स्टॉप म्हणजे उजेड निम्मा होणं). त्यामुळे दिव्याचा झोत वर चरचरीत आणि खाली मेलेला दिसतो, आणि कडा फाकत जातात, बघणाऱ्याला कारण कळत नाही पण हा बनवलेला उजेड आहे हे डोळ्याला कळतं. सूर्य इतका लांब आहे की त्याचे किरण जवळजवळ समांतर येतात आणि छतापासून जमिनीपर्यंत जोर तेवढाच राहतो. मूर्तींना तो समांतर झोत हवा होता आणि तो दिव्याने मिळत नव्हता, एवढं साधं गणित आहे. पण गणिताला दुसरी बाजू आहे. सूर्य चार मिनिटांत एक अंश सरकतो, त्याबरोबर आरशातून आलेला झोतही सरकतो, आणि तो ३० मीटर लांब टाकायचा असेल तर चार मिनिटांत अर्धा मीटर इकडचा तिकडे होतो. आम्ही नंतर कितीतरी सेटवर आरशाचं ऊन वापरलंय, एक लाइटदादा आरशाला धरूनच बसलेला असतो, शॉट रेडी म्हटलं की केसभर फिरवतो, परत म्हटलं की परत. त्यात हा सिनेमा भारतातला पहिला सिनेमास्कोप, फ्रेम आडवी लांबलचक, रिकामी जागा लपवायला जागाच नाही. मूर्तींनी ती लपवली नाही, काळी ठेवली. आता सांग, यात कॅमेऱ्याची कंपनी कुठे आली?

हा झोत बघायला तुला मुंबईला जायचीही गरज नाही. आपल्याकडची जुनी धाब्याची घरं अजून बऱ्याच गावांत उभी आहेत, त्यांच्या छताला जो झरोका असतो त्यातून सकाळी ऊन आत येतं, चूल पेटलेली असली की धुरात तो झोत अगदी काठीसारखा सरळ दिसतो. तेच ऊन, तेच समांतर किरण, आणि धूळ किंवा धूर असल्याशिवाय झोत दिसत नाही हेही तिथेच कळतं, म्हणून आम्ही सेटवर स्मोक सोडतो. अजिंठ्यालाही पूर्वी लेण्याच्या तोंडाशी आरसा किंवा चकचकीत पत्रा धरून ऊन आत घ्यायचे आणि भिंतीवरची चित्रं दाखवायचे. घरातल्या मोठ्यांना विचार, ज्यांनी तसं बघितलंय ते आजच्या दिव्यांतल्या अजिंठ्याला नावं ठेवतात.

आता दुसरं उदाहरण, माझ्या मते झोतापेक्षाही भारी. 'साहिब बीबी और गुलाम'मधलं 'साकिया आज मुझे नींद नहीं आयेगी' बघ. मिनू मुमताज नाचतेय, तिच्यावर पूर्ण उजेड, आणि मागच्या सगळ्या नाचणाऱ्या पोरी अंधारात, नुसत्या आकृत्या. गाणं संपेपर्यंत एकीचाही चेहरा नीट दिसत नाही, आणि त्यामुळेच नजर मिनू मुमताजवरून हलत नाही. आज आपल्या अल्बमच्या गाण्यात काय करतात? हिरो, हिरोईन, मागचे बारा डान्सर, मागचं मंदिर, मंदिरामागचा डोंगर, सगळ्यांना सारखा उजेड, कारण पैसे दिलेत तर दिसलं पाहिजे. प्रोड्युसरचं म्हणणं मला कळतं भो, त्याच्या मेहुण्याला पण नाचायला घेतलेलं असतं. पण सगळंच दिसलं की बघायला काही उरत नाही.

तर मला विचारशील तर स्टाईल म्हणजे हेच. उजेड कुठून येतोय हे ठरवायचं आणि कोणाला तो द्यायचा नाही हेही ठरवायचं. लोक लेन्स, कलर, कॅमेरा मूव्ह याला स्टाईल समजतात, तेही असतं, पण ते या ठरवण्याच्या मागून येतं. आणि हे ठरवणं एकदा नाही, प्रत्येक शॉटला, वर्षानुवर्षं, एकाच स्वभावाने झालं की बाहेरचे लोक म्हणतात अमक्याची स्टाईल आहे. ज्याची आहे त्याला ती बहुतेक वेळा माहीत नसते, तो आपला सीन सोडवत असतो.

मूर्तींच्या काळात काळं-पांढरं होतं याने एक फरक पडतो तोही सांगतो. ब्लॅक अँड व्हाईटमध्ये लाल पदर आणि मागची हिरवी झाडी दोन्ही सारख्याच राखाडी येऊ शकतात, बाई झाडीत विरघळून जाते. रंग मदतीला नसल्यामुळे ती मंडळी माणसाला मागच्यापासून वेगळं करायला उजेडच वापरायची, मागून एक कड, किंवा मागे उजळ भिंत आणि पुढे काळा माणूस. 'प्यासा'च्या शेवटी सभागृहाच्या दारात उभा राहिलेला नायक विजय आठव, मागून उजेड, पुढून अंधार, हात पसरलेले. चेहरा दिसायच्या आधी आकृतीच सगळं सांगते. म्हणून मी नवीन पोरांना म्हणतो, मोबाईलचा मॉनिटर काळा-पांढरा करून शूट कर काही दिवस, रंग नंतर आहेच.

पण मूर्ती म्हणजे एकच रस्ता असं समजू नको, नाहीतर प्रत्येक सीनमध्ये धूर सोडून झोत मारत बसशील. त्याच काळात कलकत्त्यात बरोबर उलटं काम चाललं होतं. सुब्रत मित्र, 'पथेर पांचाली' सुरू केला तेव्हा एकवीस-बावीस वर्षांचं पोर, त्याआधी सिनेमाचा कॅमेरा चालवलेला नव्हता. पुढच्या 'अपराजितो'मध्ये बनारसच्या वाड्याच्या चौकाचा सेट स्टुडिओत लावायचा होता. खऱ्या चौकात ऊन थेट येत नाही, वरच्या आभाळाचा मऊ उजेड उतरतो, ज्याला सावलीच नसते. स्टुडिओतले दिवे थेट मारले तर प्रत्येक खांबाच्या चार चार सावल्या पडणार. सुब्रत मित्रांनी काय केलं, सेटच्या वर आभाळाच्या जागी पांढरं कापड ताणलं आणि दिवे खालून त्या कापडावर मारले, कापडावरून परतून जो उजेड खाली आला तो आभाळाचा. १९५६ ची गोष्ट आहे ही. आज जगभर बाउन्स म्हणतात ते तेच, आणि तू लग्नात छताकडे फ्लॅश मारतोस तेही तेच.

मूर्तींनी स्टुडिओत ऊन आणलं, मित्रांनी स्टुडिओत सावली आणली. दोघांचा लूक एकमेकाला मिळत नाही पण प्रश्न दोघांचा एकच होता की या जागी उजेड खरा कुठून आला असता. इतका साधा प्रश्न, आणि माझ्या माहितीतले निम्मे डीओपी तो विचारतच नाहीत, सेटवर येतात आणि म्हणतात ती मोठी एलईडी तिकडून लाव.

आता आपल्याकडचा उजेड. हे कुठल्याच इन्स्टिट्यूटमध्ये शिकवत नाहीत कारण शिकवणारे इकडे उन्हाळ्यात आलेले नसतात. आपण साधारण २१ अक्षांशावर, म्हणजे मे महिन्याच्या शेवटच्या आठवड्यात, जळगावला २५ तारखेच्या आसपास, दुपारी साडेबाराच्या जरा आधी सूर्य बरोब्बर डोक्यावर येतो, सावली पायाखाली जाते. त्या सुमाराला बाहेर कोणालाही उभं कर, कपाळ आणि नाक पांढरं फट्ट आणि डोळ्यांच्या जागी दोन काळे खड्डे. हिरोईन कितीही देखणी असू दे. उलट डिसेंबरात भर दुपारीसुद्धा सूर्य साधारण ४५ अंशांच्या वर चढत नाही, म्हणजे एरवी आम्ही स्टँडवर दिवा ज्या उंचीला लावतो त्याच उंचीला तो फुकट टांगलेला असतो, दिवसभर. तरी अल्बमवाले शूट कधी काढतात, तर लग्नसराईच्या तोंडावर, एप्रिल-मेमध्ये, सकाळी नाष्टा करून अकरा वाजता पहिला शॉट. चव्वेचाळीस-पंचेचाळीस डिग्रीत कॅमेरा गरम होऊन बंद पडतो, हिरोईनचा मेकअप गळतो आणि मग सगळे मिळून कॅमेरामनला बोलतात.

मेमध्ये करायचंच असेल तर सहा ते साडेनऊ बाहेरचं काम, मग ओसरीत किंवा कडुनिंबाखाली, आणि साडेचारनंतर परत बाहेर. ओसरीतला उजेड दुपारी अप्रतिम असतो कारण अंगणातल्या उन्हाचा परतून येतो, खालून समोरून, डोळे उजळतात. पण अंगण कसलं आहे ते बघ. शेणाने सारवलेलं किंवा फिकट मातीचं असेल तर छान परततो, शेतातल्या काळ्या जमिनीत उभं केलंस तर ती माती उजेड खाऊन टाकते, हनुवटीखाली काही येत नाही, तिथे पांढरी चादर अंथरावी लागते किंवा थर्माकोल. तापीच्या पात्रात वाळूवर याच्या उलट, खालून इतका येतो की माणूस टॉर्च धरल्यासारखा दिसतो, तिथे काळं कापड टाक.

आणि केळी. रावेर-यावलकडे केळीच्या बागेत गाणं शूट करायची सगळ्यांना हौस, मलाही आवडतं, पण बागेत आत गेलं की येणारा सगळा उजेड पानांतून गाळून आलेला असतो, चेहरे हिरवे पडतात, आजारी दिसतात. पोरं नंतर कलरमध्ये, म्हणजे कॉम्प्युटरवर रंग नीट करताना, हिरवा काढायला जातात तर केळीही जातात, पानं करडी होतात. तिथे चेहऱ्याजवळ पांढरा उजेड आणायचा, एक स्किमर (फ्रेमवर ताणलेलं पांढरं कापड) किंवा थर्माकोल बागेच्या कडेला उन्हात उभा करून आत परतवायचा, आणि कॅमेऱ्याच्या व्हाईट बॅलन्समध्ये टिंट थोडा मॅजेन्टाकडे, म्हणजे गुलाबी-जांभळ्याकडे. मागची केळी हिरवी राहू दे, ती केळीच आहेत.

गोल्डन अवर, गोल्डन अवर करत, म्हणजे सूर्य मावळतानाच्या उजेडामागे, फिरणाऱ्यांसाठी पण एक सांगतो. १९७८ चा 'डेज ऑफ हेवन', ज्याच्यामुळे हे मॅजिक अवरचं वेड पसरलं, त्याची कथा टेक्ससची असली तरी शूट कॅनडात अल्बर्टाला झालं होतं. तिकडे वर उत्तरेत सूर्य तिरका मावळतो, मावळल्यावर उजेड रेंगाळतो, तरी कॅमेरामन नेस्तोर आल्मेंद्रोस यांना दिवसाचे वीस-पंचवीस मिनिटंच मिळायची. आपल्याकडे सूर्य सरळ खाली पडतो. तापीकाठी सूर्य गेला की तुझ्याकडे दोन नाहीतर तीन शॉट आहेत, रिहर्सल करून, फोकसच्या खुणा मारून, नट जागेवर उभा करून वाट बघत बसायचं. सूर्य मावळल्यावर ट्रायपॉड उघडणाऱ्याला काही मिळत नाही.

आपल्या मातीत उजेडावर कोणी काम केलंय का असं विचारशील तर चाळीसगावला जा. केकी मूस, १९१२ चा जन्म, पारशी, विलायतेत फोटोग्राफी शिकून आलेला माणूस, आणि उरलेलं जवळजवळ सगळं आयुष्य चाळीसगावच्या बंगल्यात काढलं, कित्येक दशकं घराबाहेर क्वचितच पडले, १९८९ ला तिथेच गेले. पंजाब मेलची वाट बघायचे वगैरे कथा गावात सगळे सांगतात, ती तू ऐकशीलच, पण तू त्यांची टेबलटॉप फोटोग्राफी बघ. टेबलावर साध्या घरातल्या वस्तू मांडून, उजेड असा टाकायचा की बघणाऱ्याला बर्फाचा डोंगर किंवा समुद्र वाटावा. बाहेर न पडता सगळं जग उभं केलं, फक्त उजेडाची दिशा आणि उंची बदलून. घराचं नाव रेम्ब्रांटवरून ठेवलं होतं यावरून गडी कोणाला गुरू मानायचा ते कळतंच. रेम्ब्रांटच्या चित्रातला चेहरा बघ, उजेड बाजूने वरून येतो, अंधाऱ्या गालावर डोळ्याखाली एक छोटा उजेडाचा त्रिकोण उरतो, आम्ही आजही पोर्ट्रेटला त्याचंच नाव घेतो. स्वस्तातलं फिल्म स्कूल हेच, एक टेबल, एक दिवा, आणि आजीचं अडकित्ता-पानदान. तासभर नुसता दिवा फिरव.

एक सीन करून दाखवतो म्हणजे नुसतं तत्त्वज्ञान नको. समज धाब्याच्या घरात म्हातारी चुलीवर कळण्याची भाकरी थापतेय, सकाळ आहे. बहुतेक जण काय करतील, आत दोन एलईडी लावतील, एक निळी एक पिवळी. मी पहिलं काम करेन ते म्हणजे आतली ट्यूब बंद. मग बघेन दार कुठे आहे. दार पूर्वेला असेल तर ऊन थेट आत येतंय, ते चेहऱ्यावर घ्यायचं नाही, दाराबाहेर स्किमर लावून मऊ करायचं आणि म्हातारीला अशी बसवायची की उजेड बाजूने येईल, कॅमेरा अंधाराच्या बाजूला. त्या बाजूच्या भिंतीला चुना दिलेला असेल तर ती उजेड परत फेकते आणि सगळं सपाट होतं, म्हणून तिथे घरातलीच काळी घोंगडी टांगायची. लाइटदादा हसतात, साहेब लाईट लावायच्या ऐवजी घोंगडी लावतायत. घोंगडीने अंधारा गाल तीन स्टॉप खाली गेला की उजेडाच्या आठव्या हिश्शावर आला, तिथे सुरकुत्या दिसायला लागतात. चुलीचा विस्तव २००० केल्विनच्या आसपास (हे उजेडाच्या रंगाचं माप, आकडा कमी तेवढा केशरी, जास्त तेवढा निळा), दिवसाचा उजेड ५६०० च्या, कॅमेरा मी ४००० च्या दरम्यान ठेवेन, म्हणजे दाराकडचा उजेड किंचित थंड आणि चुलीकडचा केशरी, रंग बाहेरून ओतायची गरजच नाही. झरोक्यातून झोत पडत असला तर तो तसाच मागे राहू द्यायचा, म्हातारीच्या डोक्यावर आणायचा नाही. ती काय देवी नाहीये, भाकरी करतेय.

रंग ओतण्यावरून, ते लट (LUT) प्रकरण, म्हणजे शूटवर एका क्लिकमध्ये चढवायचा तयार रंग. आपल्याकडे गावाकडची गोष्ट म्हटली की पिवळा लट टाकायचा हा नियमच झालाय. भाजी कच्ची असली तर वरून कितीही तर्री सोडली तरी ती शेवभाजी होत नाही. डिजिटल कलरचा सगळ्यात गाजलेला जुना नमुना म्हणजे रॉजर डीकिन्स यांचा २००० चा 'ओ ब्रदर, व्हेअर आर्ट दाऊ?'. गोष्ट दुष्काळी, धुळकट, वाळलेल्या गवताची हवी होती आणि शूट झालं मिसिसिपीत ऐन हिरव्यागार उन्हाळ्यात. त्यांनी अख्खा सिनेमा कॉम्प्युटरवर नेऊन हिरवा काढून वाळका पिवळा केला, तेव्हा हे असं पूर्ण सिनेमाभर करणं नवीन होतं. पण लक्षात घे, ते शूटच्या आधी ठरलं होतं, कपडे, सेट, जागा सगळं त्या रंगाचा विचार करून. आणि आपल्याला मार्चनंतर खान्देशात वाळका पिवळा पाहिजे तर लट कशाला पाहिजे, बांधावर उभा राहा. हेच डीकिन्स सिनेमात यायच्या आधी इंग्लंडच्या डेव्हनमध्ये खेड्यापाड्यांतून फिरून तिथल्या लोकांचे फोटो काढायचे, पुढे डॉक्युमेंटरी, मग सिनेमा, आणि ऑस्कर मिळाला थेट 'ब्लेड रनर २०४९'ला, तेव्हा वयाची साठी उलटून गेली होती.

करिअरचं म्हणशील तर सरळ बोलतो. दोन दारं आहेत. एक पुण्याचं एफटीआयआय, प्रभातच्या जुन्या स्टुडिओत १९६० पासून आहे, सिनेमॅटोग्राफीचा कोर्स तीन वर्षांचा, कुठल्याही शाखेचा ग्रॅज्युएट परीक्षा देऊ शकतो, म्हणजे तूसुद्धा. सीट मोजक्याच, पण दे. तिथून निघालेल्या अविनाश अरुणने 'किल्ला' स्वतःच दिग्दर्शित केला आणि स्वतःच शूट केला, कोकणातला पाऊस असा पकडलाय की ओल अंगावर येते. त्याच सुमाराला त्याने बनारसला जाऊन 'मसान' शूट केला. दोन्ही लागोपाठ बघ, माणूस तोच, पाणी दोन्हीकडे आहे, पण उजेड वेगळा.

दुसरं दार म्हणजे मुंबईची शिडी. कॅमेरा अटेंडंट, मग असिस्टंट, मग फोकस पुलर (शॉट चालू असताना फोकस सांभाळणारा), मग ऑपरेटर, आणि नशीब असेल तर डीओपी. पुढे वेस्टर्न इंडिया सिनेमॅटोग्राफर्स असोसिएशनचं कार्ड काढायचं. शिडी हळू आहे आणि पेमेंट उशिरा येतं, काही ठिकाणी येतच नाही, त्यात काही लपवण्यासारखं नाही, पण शिडीवर जे शिकतोस ते वेगळं. आमच्या वेळी ३५ एमएमची ४०० फुटांची मॅगझिन साडेचार मिनिटंसुद्धा चालायची नाही, शॉट ओके झाला की कॅमेऱ्याचं गेट, म्हणजे फिल्मवर उजेड पडतो ती चौकट, उघडून टॉर्च मारायचा, फिल्मचा केसाएवढा कण अडकला असेल तर शॉट परत. 'गेट चेक' म्हणून ओरडल्यावर अख्खं युनिट श्वास धरून असिस्टंटच्या तोंडाकडे बघायचं. रीळ महाग म्हणून उजेड आधी डोळ्याने बघायची सवय लागली, आता कार्ड स्वस्त आहे म्हणून आधी रोल करतात आणि मग बघतात. परंपरा कशी चालते तेही या शिडीत दिसतं. मूर्ती फली मिस्त्रींकडे शिकले, मूर्तींकडे गोविंद निहलानी असिस्टंट होते, त्या निहलानींनी श्याम बेनेगलांचा 'अंकुर' शूट केला, जो मूर्तींसारखा अजिबात दिसत नाही, उघड्या उन्हाचा सिनेमा आहे. पुढे निहलानी दिग्दर्शक झाले, 'आक्रोश', 'अर्धसत्य' केले, आणि 'तमस'ला कॅमेऱ्यावर परत मूर्तींना घेतलं. चांगल्या गुरूचा चेला गुरूसारखा दिसत नाही.

घरचे म्हणतील लग्नाच्या ऑर्डरी सोड आणि नोकरी धर, किंवा तूच म्हणशील लग्नं सोडून मुंबईला पळतो. लग्नं सोडू नको. हळदीच्या मांडवात हिरव्या कापडाखाली, वरून हॅलोजन, मागून डीजेचे लाईट, आणि रिटेक नाही, यापेक्षा अवघड लाइटिंगची परीक्षा मी सिनेमात पण दिलेली नाही. तिथे नवरीचा चेहरा एका बाजूने तरी चांगला दिसेल अशी जागा पटकन शोधता यायला लागली की तुला सेटवर भीती वाटणार नाही. आणि बजेट नाही म्हणून रडू नको, शेजारच्या मालेगावात सायकलची ट्रॉली आणि बैलगाडीची क्रेन करून सिनेमे काढले लोकांनी, त्यांच्यावर डॉक्युमेंटरी निघाली, ती जगभर फिरली.

आता कॅमेरा. एफएक्स थ्री पुरेल, पुरून उरेल. जुना असला तरी चालेल, बॉडीवर सगळे पैसे घालू नको. ३५ आणि ८५ एमएम अशा दोन प्राइम, म्हणजे झूम न होणाऱ्या, लेन्स घे, झूमच्या नादी लागू नको, पाय हलव. पण एक गोष्ट कोणी सांगत नाही, त्या कॅमेऱ्यात आत एनडी फिल्टर, म्हणजे रंग न बदलता उजेड कमी करणारी काळसर काच, नाहीये. लॉगमध्ये, म्हणजे नंतर रंग करायला ठेवलेल्या फिक्या रेकॉर्डिंगमध्ये, त्याचा बेस आयएसओ (उजेड टिपायची मूळ ताकद) ८००, शटर तुला १/५० ठेवायचं, आणि आपल्या उघड्या उन्हात आयएसओ ८०० ला एफ १६ वर १/८०० लागतं. तुला एफ ४ वर यायचं असेल तर शटरचे चार आणि अपर्चरचे चार असे आठ स्टॉप कुठेतरी मारावे लागतील. पोरं ते शटर वाढवून मारतात आणि मग नाच झटके खात दिसतो. म्हणून चांगला एनडी घे, ठरावीक स्टॉपचा, काचेचा. स्वस्तातला फिरवायचा व्हेरिएबल घेतलास तर जास्त फिरवल्यावर फ्रेममध्ये काळी फुली उमटते आणि रंगही बिघडतो, आणि केळीच्या बागेत आधीच हिरवा पडलेला चेहरा मग तुला कलरमध्ये पण सापडत नाही.